सर्वाधिक गोल नावावर नसतानाही निकोला काराबातिचला हँडबॉलमधील सर्वश्रेष्ठ खेळाडू का मानतात?

तुमच्या प्रश्नाचे दोन भाग आहेत. फ्रान्सच्या राष्ट्रीय संघासाठी सर्वाधिक गोल जेरोम फर्नांडेझच्या नावावर असताना निकोला काराबातिचचे नाव सर्वांत आधी का घेतले जाते, हा पहिला. आणि इतक्या अंगावर येणाऱ्या खेळात तो चाळीस वर्षांपर्यंत कसा टिकला, हा दुसरा. मी महाविद्यालयात असताना हँडबॉल खेळलो, आता शाळेतील मुलांना तो शिकवतो आणि युरोपातील सामने नियमितपणे पाहतो. माझ्या मते दोन्ही भागांचे उत्तर एकच आहे. काराबातिच आक्रमण आणि बचाव या दोन्ही बाजू सांभाळत असे आणि वय वाढत गेले तसे त्याने आपले काम बदलत नेले. धावफलकावर मात्र यातले फारच थोडे उमटते.

हँडबॉलमध्ये खेळाडू हवे तेव्हा आणि हवे तितक्या वेळा बदलता येतात. त्यामुळे चेंडू हातातून गेला की अनेक संघ आपले एक-दोन आक्रमक बाहेर बोलावतात आणि त्यांच्या जागी धिप्पाड बचावपटू आत पाठवतात. चेंडू परत मिळाला की पुन्हा अदलाबदल होते. या धावपळीत काही सेकंद जातात आणि नेमक्या त्याच सेकंदांत प्रतिस्पर्धी झटपट प्रतिहल्ला करतो किंवा आपली स्वतःची प्रतिहल्ल्याची संधी हुकते. ज्या संघात अव्वल दर्जाचा आक्रमक बचावाच्या मधल्या फळीतही तितक्याच ताकदीने उभा राहतो, त्या संघाला ही किंमत मोजावी लागत नाही. काराबातिच कारकिर्दीचा बराच काळ असा खेळाडू होता. साठ मिनिटांच्या सामन्यात एका बाजूला त्याने उडी मारून चेंडू फेकायचा आणि लगेच दुसऱ्या बाजूला जाऊन शंभर-सव्वाशे किलोच्या पिव्होटला, म्हणजे बचावाच्या भिंतीत घुसून उभ्या राहणाऱ्या आक्रमकाला, गोलसमोरच्या सहा मीटरच्या रेषेजवळ छातीने अडवायचे. हे काम किती थकवणारे असते, ते मैदानात उतरल्याशिवाय पुरते कळत नाही.

त्याचा जन्म ११ एप्रिल १९८४ रोजी तेव्हाच्या युगोस्लाव्हियातील निश या शहरात झाला. वडील ब्रान्को हे क्रोएशियन, युगोस्लाव्हियाच्या राष्ट्रीय संघाचे गोलरक्षक, आई सर्बियन. वडिलांच्या खेळामुळे कुटुंब फ्रान्सला आले, आधी स्ट्रासबूर्ग आणि पुढे माँपेलिएजवळचे फ्रॉन्तिन्याँ. माँपेलिए क्लबमध्ये प्रशिक्षक पात्रिस कानाये यांच्या हाताखाली तो घडला. २००३ मध्ये या क्लबने चॅम्पियन्स लीग, म्हणजे युरोपातील क्लबांची सर्वोच्च स्पर्धा, जिंकली, तेव्हा तो एकोणीस वर्षांचा होता. अंतिम फेरीचा पहिला सामना स्पेनच्या पोर्टलँड सान अंतोनियो संघाविरुद्ध १९-२७ असा हरल्यानंतर घरच्या मैदानावर ३१-१९ असा विजय मिळवून त्यांनी चषक खेचून आणला. कोणत्याही फ्रेंच पुरुष संघाने ही स्पर्धा जिंकण्याची ती पहिलीच वेळ होती.

२००५ मध्ये तो जर्मनीतील कील क्लबकडे गेला. तिथे सलग चार वर्षे बुंडेसलीगा ही जर्मन लीग आणि २००७ मध्ये पुन्हा चॅम्पियन्स लीग त्याच्या वाट्याला आली. गोल करणारा काराबातिच पाहायचा असेल तर हीच वर्षे पाहावीत. नऊ मीटरच्या तुटक रेषेबाहेरून तो उडी घेई, दोन बचावपटूंचे हात वर आलेले असताना हवेत क्षणभर जास्त थांबे आणि गोलरक्षकाचा तोल एका बाजूला गेला की चेंडू सोडे.

तुमच्या पहिल्या शंकेचे उत्तर मला याच काळातल्या एका स्पर्धेत दिसते. २००८ च्या युरोपियन स्पर्धेत ४४ गोल करून तो सर्वाधिक गोल करणाऱ्या तिघांपैकी एक ठरला, स्पर्धेतील सर्वोत्तम खेळाडूही तोच ठरला, आणि फ्रान्सला मात्र कांस्यपदकावर समाधान मानावे लागले. त्याच वर्षी बीजिंगमध्ये फ्रान्सने आइसलँडला २८-२३ असे हरवून ऑलिंपिक सुवर्ण जिंकले. पुढे २००९ चे विश्वविजेतेपद आणि २०१० चे युरोपियन विजेतेपद मिळाले आणि तिन्ही किताब एकाच वेळी आपल्याकडे ठेवणारा फ्रान्स हा पुरुषांचा पहिला संघ ठरला. प्रशिक्षक क्लोद ओनेस्ता यांचा हा संघ मुख्यतः बचावावर जिंकत असे. तिएरी ओमेयेसारखा गोलरक्षक, दिदिए दिनारसारखा बचावपटू आणि त्यांच्यासोबत काराबातिच, अशी ती भिंत होती.

पदकांची यादी थोडक्यात देतो: ऑलिंपिक सुवर्ण २००८, २०१२ आणि टोकियोत, विश्वविजेतेपद २००९, २०११, २०१५ आणि २०१७, युरोपियन विजेतेपद २००६, २०१०, २०१४ आणि २०२४. जगातील सर्वोत्तम खेळाडूचा मान त्याला २००७, २०१४ आणि २०१६ असा तीनदा मिळाला. पहिल्या आणि शेवटच्या सन्मानात नऊ वर्षांचे अंतर आहे, आणि या नऊ वर्षांत त्याचा खेळ पुष्कळ बदलला होता.

बदल असा, की उडी मारून दुरून फेकणे कमी झाले आणि खेळ रचणे वाढले. डाव्या बॅकच्या, म्हणजे डावीकडून दुरून हल्ला करणाऱ्याच्या, जागेवरून तो अधिकाधिक मध्यभागी आला. चेंडू हातात घेऊन तीनच पावले टाकता येतात. त्यांतले पहिले तो एका बाजूला असे टाकी की समोरचा बचावपटू त्या बाजूला झुके, दुसरा त्याच्या मदतीला सरके, आणि नेमक्या त्या क्षणी मोकळ्या झालेल्या पिव्होटकडे किंवा शेजारच्या बॅककडे चेंडू जाई. गोल दुसऱ्याच्या नावावर लागे. २०१७ मध्ये पॅरिसला विश्वचषकाचा नॉर्वेविरुद्धचा अंतिम सामना ३३-२६ असा जिंकल्यावर स्पर्धेतील सर्वोत्तम खेळाडूचा पुरस्कार मिळाला, तो याच काराबातिचला. मी मुलांना शिकवताना त्याच्या उडीपेक्षा हे पहिले पाऊल पुन्हा पुन्हा दाखवतो, कारण उडी शरीरावर अवलंबून असते, पाऊल सरावाने येते.

कारकीर्द सांगायची तर तिच्यावरचा डागही सांगितला पाहिजे. मे २०१२ मध्ये, कीलहून तो माँपेलिएला परतलेला असताना, माँपेलिएचा संघ सेसाँ या फ्रेंच क्लबविरुद्ध हरला आणि त्या सामन्याच्या मध्यंतराच्या निकालावर संशयास्पद पैजा लागल्याचे उघड झाले. दुखापतीमुळे काराबातिच त्या सामन्यात खेळला नव्हता, तरी या प्रकरणात २०१५ मध्ये त्याला दोषी ठरवून दहा हजार युरोंचा दंड झाला आणि अपिलातही दोष कायम राहिला. या काळात त्याने माँपेलिए सोडले. काही महिने एक्स क्लबकडून खेळून तो बार्सिलोनाला गेला आणि तिथे २०१५ मध्ये त्याने तिसऱ्या क्लबसोबत चॅम्पियन्स लीग जिंकली. त्याच्या मोठेपणाबद्दल मला शंका नाही, पण हे प्रकरण वगळून त्याची ओळख करून देणे मला प्रामाणिक वाटत नाही.

२०१५ पासून शेवटपर्यंत तो पॅरिस सेंट-जर्मेनकडे होता. फ्रेंच लीग दरवर्षी जिंकली, पण चॅम्पियन्स लीग या क्लबला मिळाली नाही. २०१७ च्या अंतिम सामन्यात वार्दार या मॅसेडोनियाच्या क्लबकडून २३-२४ अशी हार झाली. ऑक्टोबर २०२० मध्ये, वयाच्या छत्तिसाव्या वर्षी, त्याच्या गुडघ्याचे लिगामेंट तुटले. या दुखापतीने तरुण खेळाडूंच्याही कारकिर्दी संपतात. तो टोकियो ऑलिंपिकपर्यंत परतला. त्या अंतिम सामन्यात फ्रान्सने डेन्मार्कला २५-२३ असे हरवले.

शेवट मनासारखा झाला नाही. पॅरिस ऑलिंपिकच्या उपांत्यपूर्व फेरीत, ७ ऑगस्ट २०२४ रोजी लील येथे, जर्मनीविरुद्ध सामना संपायला काही सेकंद उरलेली असताना फ्रान्स एका गोलने पुढे होता आणि चेंडूही फ्रान्सकडेच होता. एक पास हुकला, जर्मनीने बरोबरी साधली आणि जादा वेळेत ३५-३४ असा विजय मिळवला. काराबातिचचा तो अखेरचा सामना.

तुम्हाला त्याचा खेळ स्वतः पारखायचा असेल तर २००९ च्या विश्वचषकाचा अंतिम सामना शोधून पाहा. झाग्रेबमध्ये, क्रोएशियाच्या घरच्या प्रेक्षकांसमोर, फ्रान्सने यजमानांना १९ गोलांवर रोखून २४-१९ असा विजय मिळवला. पाहताना पहिली दहा मिनिटे चेंडूकडे लक्ष देऊ नका. क्रोएशियाचा हल्ला सुरू असताना काराबातिच कुठे उभा आहे आणि कोणाला अडवतो आहे, तेवढेच पाहा.