'ग्लॅडिएटर'सारखे, रोमन सैन्य विरुद्ध उत्तरेकडच्या टोळ्या असे चांगले चित्रपट कोणते? आणि लढाया खरंच तशा व्हायच्या का?

दुसऱ्या प्रश्नाचं उत्तर आधी देते, कारण माझं दुखणं तिथे आहे. नाही, तशा व्हायच्या नाहीत. 'ग्लॅडिएटर'च्या सुरुवातीला दाखवलीय तशी तर मुळीच नाही.

रिडली स्कॉटच्या 2000 सालच्या त्या चित्रपटातलं जर्मेनियाचं जंगल म्हणजे इंग्लंडात सरे परगण्यात फार्नमजवळ असलेलं बोर्न वुड. तिथली झाडं वनखात्याला काढायचीच होती, त्यामुळे जाळपोळीला अक्षरशः मोकळं रान मिळालं. दिसायला सगळं जबरदस्त आहे, वाद नाही. पण आगीचे गोळे फेकणारी ती मोठाली यंत्रं वेढ्याच्या कामाची, तटबंदीसमोर रोवायची. लढाईत रोमन लोक गाडीवर बसवलेली छोटी बाणयंत्रं नेत. रोममधल्या सम्राट ट्रेजनच्या स्तंभावर ती कोरलेली आहेत. घोडदळ रिकिबी नसलेल्या काळात झाडाझाडांतून उतारावर भरधाव सोडायचं, हे कुठला सेनापती करेल? आणि एकदा भिडल्यावर दोन मिनिटांत रांग मोडते, जो तो आपापली कुस्ती खेळत सुटतो. रोमन सैन्याची सगळी ताकद रांग न मोडण्यात होती. तीच दाखवायची राहिली.

याहून मला खुपते ती टोळ्यांची आरोळी. झाडीतून जर्मन योद्धे ढालींवर शस्त्रं आपटत ओरडतात ना, तो आवाज 1964च्या 'झुलू' चित्रपटातून उचललेला आहे. म्हणजे दक्षिण आफ्रिकेतल्या, 1879च्या युद्धावरच्या चित्रपटातला आवाज, जर्मनीतल्या 180 सालच्या लोकांच्या तोंडी. रोमन चिलखताच्या कड्या-पट्ट्यांवर एवढी मेहनत घेणाऱ्यांना समोरच्या माणसांसाठी मात्र कुठलीही 'टोळी' चालली.

आता हे मला एवढं का झोंबतं ते सांगते. मी इतिहासात बीए केलं आणि मग पोटापाण्यासाठी एमबीए. एका कंपनीत असताना आम्हाला लोणावळ्याला 'लीडरशिप'च्या ट्रेनिंगला नेलं होतं. ऐन पावसाळा, हॉलचे पडदे ओढलेले, आणि ट्रेनर सरांनी प्रोजेक्टरवर हीच लढाई लावली. मध्येच थांबवून म्हणाले, बघा, एका बाजूला गोंगाट आणि दुसऱ्या बाजूला शांतता. ओरडतात ते हरतात, शिस्त पाळतात ते जिंकतात. माना हलल्या. काहींनी लिहून घेतलं.

मी हात वर केला. म्हटलं, सर, ते युद्ध 166च्या सुमारास सुरू झालं आणि 180 साल उजाडलं तरी मिटलेलं नव्हतं. मार्कोमानी आणि क्वादी या टोळ्या डॅन्यूब नदी ओलांडून थेट इटलीत घुसल्या होत्या. त्यात साथीच्या रोगाने रोमन सैन्य पोखरलं होतं. सम्राट मार्कस ऑरेलियसला कुणी डोंगरावर बसून विजय बघायला दिला नाही. त्याचं आयुष्य तिथल्या छावण्यांत गेलं, त्याच्या प्रसिद्ध चिंतनांपैकी काही भाग क्वादींच्या मुलखात नदीकाठी लिहिल्याची नोंद त्याच ग्रंथात आहे, आणि मार्च 180 मध्ये तो सीमेवरच वारला. मग त्याचा मुलगा कोमोडस याने तह केला आणि तो रोमला परतला. म्हणजे तुमच्या त्या शिस्तीने शेवटी तह मिळवला.

सर हसले. "मॅडम, हा इतिहासाचा तास नाहीये."

इथे मी गप्प बसायला हवं होतं असं त्यानंतर मला अनेकांनी सांगितलं. मी नाही बसले. म्हटलं, आपण जिथे बसलोय तिथून उंबरखिंड फार लांब नाही. 2 फेब्रुवारी 1661ला कारतलबखानाचं शिस्तीचं, सामानाने लदलेलं सैन्य त्या खिंडीत शिरलं आणि शिवाजी महाराजांच्या माणसांनी पुढून-मागून दार लावून घेतलं. तेव्हा आपण शिस्तीच्या बाजूने असतो का? यावर सर जे म्हणाले ते मी आजही विसरलेले नाही: "तो विषय वेगळा. तो आपला इतिहास."

दुपारी खेळ होता. एका गटाचं नाव 'लीजन', म्हणजे रोमन पलटण, दुसऱ्याचं 'ट्राइब', म्हणजे टोळी. मला अर्थातच ट्राइबमध्ये टाकलं. लीजनने दोरीला धरून, पावलाला पाऊल जुळवत झेंडा टेकडीवर न्यायचा आणि आम्ही त्यांना अडवायचं. पाऊस धो धो, चिखल घोट्यापर्यंत. आम्ही वरच्या वळणावर कारवीच्या झुडपांत दबा धरला, लीजनवाले दोरीत पाय अडकवून घसरायला लागले तसे बाहेर आलो आणि झेंडा घेऊन पळालो. सरांनी शिट्टी वाजवली. ट्राइबने मोकळ्या मैदानात समोरून यायचं असतं म्हणे! हा नियम खेळाआधी कुणी सांगितला नव्हता. बक्षीस लीजनला, 'अलाइनमेंट'बद्दल. त्या वर्षी माझ्या अप्रेझलमध्ये 'सूचना पाळत नाही' अशा अर्थाचं एक वाक्य आलं. त्याचा या प्रकाराशी काही संबंध नाही असं मला आवर्जून सांगण्यात आलं.

तर, जर्मनीतल्या ट्युटोबुर्गच्या जंगलात इसवी सन 9 मध्येही जर्मन लोक मोकळ्या मैदानात समोरून आले नव्हते. व्हॅरस नावाचा रोमन सुभेदार 17, 18 आणि 19 क्रमांकांचे तीन लीजन घेऊन परतीच्या वाटेवर होता. सोबत गाड्या, बायका, मुलं, नोकर. रांग कित्येक किलोमीटर लांबलेली. वारा, पाऊस, भिजून जड झालेल्या ढाली. चेरुस्की टोळीचा आर्मिनियस आधी रोमन सैन्यातच होता, रोमचा नागरिक होता, त्याला हे सगळं आतून ठाऊक होतं. कत्तल काही दिवस चालली. व्हॅरसने स्वतःला संपवलं, त्याचं मुंडकं फिरत फिरत रोमला पोचलं, आणि ते तीन क्रमांक रोमने पुन्हा कुठल्याही लीजनला दिले नाहीत. बहुतेक अभ्यासक ही जागा काल्क्रीझ इथली मानतात. 1987मध्ये टोनी क्लन या ब्रिटिश लष्करी अधिकाऱ्याला तिथे धातुशोधक फिरवताना रोमन नाणी आणि गोफणीच्या शिशाच्या गोळ्या सापडल्या. पुढच्या उत्खननात एक खेचर सापडलं, गळ्यात घंटा, आणि वाजू नये म्हणून घंटेत गवत कोंबलेलं. अंधारात चोरपावलांनी निसटू बघणारी रोमन पलटण! हे कुणी पडद्यावर आणेल त्या दिवशी मी पहिल्या शोचं तिकीट काढेन.

आता तुमचा पहिला प्रश्न. याच ट्युटोबुर्गवर नेटफ्लिक्सची जर्मन मालिका आहे, 'बार्बेरियन्स', 2020ची. त्यातले रोमन चक्क लॅटिन बोलतात आणि टोळ्या आजची जर्मन, त्यामुळे परके कोण हे पहिल्या मिनिटाला कळतं. असली साधी युक्ती हॉलिवूडला इतक्या वर्षांत सुचली नाही. बाकी तिच्यात मसाला भरपूर आहे: व्हॅरस हा आर्मिनियसचा पालक बाप वगैरे सगळं रचलेलं, आणि प्रेमाचा त्रिकोण तर विचारूच नका. तरीही बघा, आणि मूळ आवाजात बघा, डबिंग लावू नका.

'द फॉल ऑफ द रोमन एम्पायर' (1964) हा मला 'ग्लॅडिएटर'पेक्षा शहाणा वाटतो, आणि कथा जवळपास त्याच काळाची आहे: मार्कस ऑरेलियस, कोमोडस, उत्तरेची सीमा. पहिला भाग बर्फातल्या किल्ल्यात घडतो. ॲलेक गिनेसचा म्हातारा सम्राट टोळ्यांना मारून काढण्यापेक्षा आत सामावून घ्यायचा विचार करतो. खऱ्या मार्कसनेही काही टोळ्यांना साम्राज्यात जमिनी देऊन वसवलं होतं, इटलीतल्या रावेन्नाजवळसुद्धा, आणि तिथे त्यांनी बंडही केलं. चित्रपट संथ आहे, तिकीटबारीवर आपटला आणि निर्मात्याला घेऊन बुडाला. धीर धरून बघा.

'सेंच्युरियन' (2010) म्हणजे स्कॉटलंडच्या बर्फातला पाठलाग. मायकेल फासबेंडर पळतो, पिक्ट लोक मागे लागतात. नववा लीजन स्कॉटलंडात गायब झाला या दंतकथेवर तो उभा आहे. 108 साली यॉर्कमध्ये या लीजनची नोंद मिळते; त्यानंतरच्या खुणा नेदरलँड्समध्ये नायमेखनला सापडल्यात, त्यामुळे दंतकथा जरा लंगडीच. पण रक्तपात आवडत असेल तर पैसे वसूल. त्याच लीजनच्या गरुडचिन्हाच्या शोधावर 'द ईगल' (2011) आहे, तो शांत आणि बरा. त्यात रोमन लोक मुद्दाम अमेरिकन उच्चारात बोलतात. 'किंग आर्थर' (2004) मी अर्ध्यात बंद केला. 'द लास्ट लीजन' (2007) मध्ये गॉथ आहेत आणि केरळातून आलेली योद्धी म्हणून ऐश्वर्या राय आहे. ज्यांना बघायचाय ते तिच्यासाठीच बघतील, मी कोण अडवणार.

ज्यांच्या पूर्वजांवर चाल झाली त्यांनी काढलेला चित्रपट हवा असेल तर रुमानियाचे 'डाचिइ' (1967) आणि 'कोलुम्ना' (1968) शोधा. डॅन्यूबच्या उत्तरेचे डेशियन लोक आणि त्यांचा राजा डेसिबालस यांच्या गोष्टी. गंमत म्हणजे रुमानियन लोक स्वतःला जिंकणारे आणि हरलेले अशा दोघांचेही वंशज मानतात, त्यामुळे दोन्ही बाजूंना हिरो वाटून द्यावे लागलेत.

लढाईत रांग टिकवणं म्हणजे काय हे बघायचं असेल तर 'रोम' (2005) या मालिकेचा पहिला भाग लावा. गॉल लोकांशी जेमतेम काही मिनिटांची चकमक आहे, पण पुढचा शिपाई मागे आणि मागचा पुढे असा खेळ शिट्टीवर चालतो. शिट्टीचा पुरावा मागू नका. रांग सोडून एकटाच पुढे धावणाऱ्या पुलो नावाच्या शिपायाला तिथे शाबासकी नाही, शिक्षा होते.

एक गोष्ट राहिली, नाहीतर कुणीतरी खाली लिहिणारच. रोमन नेहमी हरायचे असं माझं म्हणणं नाही. रोमन सेनापती जर्मेनिकस 14 ते 16 या काळात ऱ्हाईन नदी ओलांडून परत गेला, टोळ्यांना चोपलं, ट्युटोबुर्गला हरवलेल्या तीन गरुडचिन्हांपैकी दोन परत आणली. डेशिया तर ट्रेजनने 106मध्ये घेतलाच. आणि आर्मिनियसला पुढे त्याच्याच नातलगांनी मारलं, त्यामुळे टोळ्या म्हणजे एकोप्याचा पुतळा असंही समजू नका. पण ट्युटोबुर्गनंतर ऱ्हाईनपलीकडे एल्ब नदीपर्यंतचा प्रांत करायचा बेत बारगळला तो कायमचाच.

आणि हे सगळं तुम्ही ऑफिसच्या ट्रेनिंगला क्लिप हवी म्हणून विचारत असाल तर 'ग्लॅडिएटर' नको. व्हॅरसची मेजवानी घ्या. रोमन इतिहासकार टॅसिटसने लिहून ठेवलंय: सेगेस्टेस नावाच्या चेरुस्की सरदाराने शेवटच्या मेजवानीत व्हॅरसला बजावलं की आर्मिनियस दगा देणार आहे. वाटल्यास मलाही बेड्या घाला, पण सगळ्या सरदारांना आत्ता अटक करा. साहेबांना ती खालच्या माणसाची कुरकुर वाटली. त्यावर घ्या एक सेशन.