मनाला येईल तसं वाजवणं आणि सिनेमाचं संगीत

प्रश्न: मुलगा कोल्हापुरात बी.एस्सी.च्या दुसऱ्या वर्षाला आहे. सात वर्षं हार्मोनियम शिकला. हल्ली रंकाळ्यावरचे आवाज रेकॉर्ड करून त्यावर मनाला येईल तसं वाजवतो. सिनेमाला असंच संगीत देणार आणि कॉलेज सोडणार म्हणतो. यात पोट भरेल का? – एक आई

ताई, कॉलेज सोडू देऊ नका, पण त्याचं वाजवणंही थांबवू नका. हा पोरखेळ नव्हे. रोममध्ये १९६४ साली सुरू झालेल्या उत्स्फूर्त वादनाच्या गटात इटालियन संगीतकार एन्नियो मोरिकोने ट्रम्पेट वाजवायचे, आणि त्याच काळात सिनेमालाही संगीत देत होते. १९५७ मध्ये जॅझ ट्रम्पेटवादक माइल्स डेव्हिसने पॅरिसला पडद्यावरचे प्रसंग बघत एका सिनेमाचं संगीत वाजवलं, पण थोडा आराखडा आधी तयार होता. ख्यालातला आलाप पाठ करून आणलेला नसतो, तरी राग ठरलेला असतोच ना, तसंच हे.

अडचण वेगळीच आहे. आलाप फुलायला वेळ लागतो आणि प्रसंग चाळीस सेकंदांत संपतो.

म्हणून त्याने दर आठवड्याला दोन मिनिटांचा एक प्रसंग घ्यावा. आधी आवाज बंद करून तो तीनदा बघावा. संगीत कुठे शिरतं, कुठे थांबतं, हे सेकंद आणि फ्रेमसकट लिहावं. मग न थांबता पाच वेळा वाजवावं, एकच टेक ठेवावा आणि शेवटी संवाद चालू करून ऐकावं. बहुतेक वेळा इथेच फसतं: हार्मोनियमचं मधलं सप्तक नेमकं माणसाच्या आवाजावर बसतं आणि शब्द बुडतात. संवादाखाली खर्ज धरावा, नाहीतर गप्प राहावं. गप्प राहणं शिकायलाच सगळ्यात जास्त दिवस लागतात.

रेकॉर्डिंग ४८ किलोहर्ट्झ (म्हणजे सेकंदाला आवाजाचे ४८ हजार नमुने), २४ बिटवर करावं. ४४.१ ची फाइल न बदलता ४८ वर वाजली, तर शंभर सेकंदांचं संगीत ब्याण्णव सेकंदांत संपतं आणि सूरही चढतो: काळी एकमधलं वाजवणं पांढरी दोनच्याही वर सरकतं. हार्मोनियम, रंकाळ्याचे आवाज, ताल, सगळ्यांचे ट्रॅक वेगळे द्यावेत आणि ते एकाच बिंदूपासून सुरू व्हावेत. दिग्दर्शक ऐन वेळी चौदा फ्रेम कापतो. सेकंदाला चोवीस फ्रेम धरल्या तर हा अर्ध्या सेकंदाहून जास्त फरक झाला. ट्रॅक वेगळे असतील तर संगीत सांधता येतं, नाहीतर पुन्हा वाजवावं लागतं.

पुण्याच्या फिल्म इन्स्टिट्यूटचा ध्वनीचा अभ्यासक्रम पदवीनंतरचा आहे. तो संगीतरचनेचा नव्हे, पण पडद्याजवळ नेणारा आहे. तोवर कोल्हापूरच्या देवल क्लब या संगीतसंस्थेतल्या मैफली ऐकाव्यात, राज्य नाट्य स्पर्धेत उतरणाऱ्या एखाद्या संघाचं पार्श्वसंगीत करावं. तालमीत नटाच्या श्वासावर वाजवण्याइतकी चांगली शाळा नाही.

पैशाचं खरं सांगायचं तर सुरुवातीची काही वर्षं यावर घर चालणार नाही. पण प्रत्येक काम, मित्राची शॉर्टफिल्म असली तरी, कागदावर घ्यावं: अर्धे पैसे आधी, दोन बदल त्यातच, तिसऱ्याचे वेगळे. कॉपीराइट कायद्यातल्या २०१२ च्या दुरुस्तीनंतर सिनेमातलं संगीत थिएटरमधल्या खेळाबाहेर वापरलं, तर त्या रॉयल्टीतला संगीतकाराचा वाटा कराराने काढून घेता येत नाही. आणि तिघांनी मिळून उत्स्फूर्त वाजवलं असेल, तर रचना तिघांची होते. कोणाचा किती वाटा, ते त्याच संध्याकाळी लिहून तिघांच्या सह्या घ्यायला सांगा.