इन्शुरन्स कंपनी बदलायची आहे, मध्ये एक दिवसही कव्हर जायला नको, तर जुनी पॉलिसी कधी आणि कशी कॅन्सल करावी?

तुम्ही लिहिलंय की दुसऱ्या कंपनीचं चांगलं कोटेशन आलंय, जुन्या पॉलिसीचे अजून काही महिने शिल्लक आहेत आणि बँकेतून ऑटो डेबिट बंद केलं की जुनी आपोआप कॅन्सल होईल ना. पॉलिसी गाडीची आहे की हेल्थची की लाइफची ते लिहिलं नाहीत, कुठल्या देशात आहात तेही नाही, त्यामुळे आधी सगळीकडे चालेल असं सांगतो, मग वेगवेगळं. मी बरीच वर्षं पॉलिसी सर्व्हिसिंगला होतो, म्हणजे कॅन्सलेशनचे अर्ज आमच्याच टेबलावर यायचे, त्यामुळे लोक कुठे अडकतात ते चांगलं माहितीये.

ऑटो डेबिट आधी बंद करू नका. हप्ता थांबला म्हणजे तुम्ही पॉलिसी कॅन्सल केली असं कंपनी धरत नाही, तुम्ही पैसे थकवले असं धरते. मग रिमाइंडर, मग कंपनीच्या बाजूने पॉलिसी रद्द, आणि तोपर्यंत जेवढे दिवस कव्हर चालू होतं तेवढ्याचे पैसे तरीही मागितले जाऊ शकतात. वर पुढच्या कंपनीच्या फॉर्मवर बऱ्याचदा प्रश्न असतो की याआधी कुठल्या विमा कंपनीने तुमची पॉलिसी रद्द केली होती का. तिथे खरं लिहिलं तर प्रीमियम वाढू शकतो आणि खोटं लिहिलं तर क्लेमच्या वेळी अडकाल. स्वतः लेखी कॅन्सल करणं आणि पैसे न भरल्यामुळे कंपनीने रद्द करणं या दोन अगदी वेगळ्या गोष्टी आहेत.

क्रम उलटा ठेवायचा. आधी नवी पॉलिसी हातात, मग जुनी बंद. आणि हातात म्हणजे खरोखर हातात. कोटेशन म्हणजे कव्हर नाही, फॉर्म भरला म्हणजे कव्हर नाही, एजंटने व्हॉट्सअपवर 'झालं काम' लिहिलं म्हणजे तर नाहीच. भारतात विमा कायदा १९३८ च्या कलम ६४व्हीबीप्रमाणे प्रीमियम आधी मिळाल्याशिवाय कंपनी जोखीम घेऊच शकत नाही, आणि प्रीमियम गेला तरी हेल्थ-लाइफमध्ये मेडिकल चेकअप आणि अंडररायटिंग (तुमची जोखीम किती ते तपासून विमा द्यायचा की नाही हे कंपनीने ठरवणं) बाकी असेल तर प्रपोजल नाकारलं जाऊ शकतं किंवा प्रीमियम वाढवून मागू शकतात. म्हणून पॉलिसी नंबर, सुरू होण्याची तारीख आणि वेळ छापलेलं कागदपत्र आलं, त्यातलं तुमचं नाव, पत्ता, गाडीचा नंबर, जन्मतारीख बरोबर आहे हे पाहिलं, की मगच जुन्या कंपनीला लिहायचं.

वेळेचं म्हणतोय ते नीट बघा कारण बहुतेक गॅप तिथेच पडतात आणि कुणाच्या लक्षातही येत नाहीत. अमेरिकेत साधारणपणे पॉलिसी रात्री १२ वाजून १ मिनिटाने सुरू होते आणि तशीच संपते, म्हणजे जुनी ३० तारखेला संपते असं लिहिलं असेल तर ३० तारीख उजाडायच्या आधीच ती संपलेली असते, ३० चा अख्खा दिवस तिच्यात नाही. भारतात बहुतेक पॉलिसी शेवटच्या तारखेच्या मध्यरात्रीपर्यंत चालतात, म्हणजे ३० तारीख धरून. तारीख तीच, पण अर्थ एका दिवसाने वेगळा. आणि नवी जर १ तारखेला दुपारी पेमेंट केल्या क्षणापासून सुरू होत असेल तर सकाळ उघडीच राहिली. त्यामुळे माझं स्पष्ट मत, एक-दोन दिवस दोन्ही पॉलिसी चालू राहू द्या. एका दिवसाचा खर्च म्हणजे वर्षाच्या प्रीमियमचा ३६५ वा भाग, तेवढ्यासाठी मिनिटांचा हिशोब जुळवत बसण्यात अर्थ नाही. फक्त त्या दिवसांत नुकसान झालं तर दोन्हीकडून पूर्ण भरपाई मिळेल असं समजू नका, गाडी किंवा घराच्या विम्यात नुकसान जेवढं तेवढंच मिळतं, मग दोन कंपन्या आपसात वाटून घेतात. क्लेम करताना दोन्ही पॉलिसी सांगायच्या, लपवायचं नाही.

आता पत्र किंवा मेल. फोनवर सांगून सोडून देऊ नका. साधं लिहा की अमुक नंबरची पॉलिसी अमुक तारखेच्या मध्यरात्री १२ वाजता, म्हणजे ही तारीख संपताना, बंद करावी, त्याआधी बंद करू नये, उरलेला प्रीमियम या खात्यात द्यावा आणि कॅन्सलेशन झाल्याचं लेखी कळवावं. 'लवकरात लवकर बंद करा' असं कधीच लिहू नका, आमच्याकडे असा अर्ज आला की त्याच दिवसाची तारीख टाकली जायची, नवी पॉलिसी चालू झालीये की नाही ते बघायचं कुणाचं काम नव्हतं. आणि मागची तारीख टाकून मिळत नाही म्हणून नवी सुरू झाल्यावर महिनाभर विसरून जाऊ नका.

नोटीस किती दिवसांची ते पॉलिसीच्या कागदात कॅन्सलेशनच्या कलमात असतं, ते वाचाच. काही देशांत मधेच बंद करताच येत नाही असंही असतं. जर्मनीत गाडीच्या विम्याचं वर्ष बहुतेक ३१ डिसेंबरला संपतं आणि नोटीस ३० नोव्हेंबरपर्यंत कंपनीकडे पोचलेली लागते (पोस्टात टाकलेली नव्हे, पोचलेली). फ्रान्समध्ये याउलट २०१५ पासून पहिलं वर्ष झालं की गाडी-घराची पॉलिसी कधीही बदलता येते आणि जुनी बंद करायचं काम नवीन कंपनीच करते.

गाडीबद्दल. थर्ड पार्टी विमा सक्तीचा आहे, भारतात मोटार वाहन कायदा १९८८ च्या कलम १४६ खाली, म्हणून दुसरी पॉलिसी असल्याचा पुरावा दिल्याशिवाय कंपनी जुनी सहसा कॅन्सल करत नाही आणि ते तुमच्याच फायद्याचं आहे. गाडी वापरत नाही म्हणून विमा बंद करणाऱ्यांनी जास्त जपून, कारण ब्रिटनमध्ये नुसती उभी असलेली गाडीसुद्धा रस्त्यावर नाही असं आधी अधिकृत कळवलं नसेल तर दंड होतो आणि न्यूयॉर्क राज्यात आधी नंबर प्लेट परत करायची, मग विमा बंद. नो क्लेम बोनसचं (क्लेम न घेतल्याबद्दल प्रीमियममध्ये मिळणाऱ्या सवलतीचं) पत्र जुन्या कंपनीकडून कॅन्सलेशनबरोबरच मागून घ्या. भारतात पॉलिसी संपल्यावर ९० दिवसांत नवी घेतली नाही तर तो बोनस जातो. गाडीवर किंवा घरावर कर्ज असेल तर नव्या पॉलिसीत बँकेचं नाव घालून एक कॉपी बँकेला पाठवा, नाहीतर विमा नाही असं समजून काही ठिकाणी बँक स्वतःच महागडा विमा काढते आणि तुमच्या माथी मारते.

हेल्थचं मात्र खरंच वेगळं आहे. इथे तारखा अगदी जुळल्या तरी गॅप पडू शकतो, कारण नवीन पॉलिसीत आधीपासून असलेल्या आजारांसाठी वेटिंग पिरियड असतो, म्हणजे तेवढा काळ त्या आजारांचा क्लेम मिळत नाही. जुन्या पॉलिसीत तुमची तीन वर्षं झाली असतील आणि ती सरळ कॅन्सल करून नवीन घेतली तर कागदावर कव्हर आहे पण तुमच्या डायबेटिससाठी नाही, अशी गत होते. भारतात यासाठी पोर्टेबिलिटी आहे, म्हणजे पॉलिसी नव्या कंपनीकडे हलवायची सोय, काढून झालेला वेटिंग पिरियड नव्या कंपनीत धरला जातो, पण जुन्या सम इन्शुअर्डपुरताच (म्हणजे जुन्या विम्याच्या रकमेपुरताच). विम्याची रक्कम वाढवून घेतली तर वाढलेल्या भागाला वेटिंग परत पहिल्यापासून. आणि पोर्ट रिन्यूअलच्या वेळीच होतं, म्हणून तुमची हेल्थ पॉलिसी असेल तर माझा सल्ला सरळ आहे, आत्ता काही कॅन्सल करू नका, रिन्यूअलच्या साधारण दोन महिने आधी नव्या कंपनीकडे पोर्टचा अर्ज टाका आणि त्यांचा होकार लेखी येईपर्यंत जुन्याचं रिन्यूअल हाताशी ठेवा. नाकारलं तर जुनं भरायला वेळ राहिला पाहिजे. अमेरिकेत असाल तर आणखी एक भानगड, तिथल्या मार्केटप्लेसमधली (हेल्थ विमा विकत घ्यायच्या सरकारी व्यवस्थेतली) पॉलिसी आपणहून सोडली तर एवढ्या कारणावर वर्षाच्या मध्ये नवीन घेता येत नाही, पुढच्या ओपन एनरोलमेंटची, म्हणजे दरवर्षी नवी पॉलिसी घ्यायच्या ठरलेल्या मुदतीची, वाट बघावी लागते.

लाइफ इन्शुरन्स बदलताना घाई तर अजिबात नको. वय वाढलेलं असतं, तब्येत बदललेली असते, आणि नव्या पॉलिसीत तुम्ही दिलेली माहिती तपासून क्लेम नाकारायची कंपनीची मुदत पुन्हा शून्यापासून सुरू होते (भारतात कलम ४५ प्रमाणे ३ वर्षं, अमेरिकेत बहुतेक २). शिवाय नवी आल्यावर फ्री लूक असतो, म्हणजे नको वाटली तर परत करायची मुदत, भारतात सध्या ३० दिवस, त्या काळात नवी पॉलिसी नीट वाचा आणि जुनीचे हप्ते चालू ठेवा. बचतीची जुनी पॉलिसी असेल तर सरेंडर व्हॅल्यू (मुदतीआधी बंद केल्यावर हातात येणारी रक्कम) किती येते ते लेखी मागवल्याशिवाय निर्णयच घेऊ नका, एजंटला नव्या पॉलिसीवर कमिशन असतं हेही डोक्यात असू द्या.

डॉक्टर, सीए, आर्किटेक्ट वगैरे असाल आणि प्रोफेशनल इंडेम्निटी (कामातल्या चुकीबद्दल कुणी भरपाई मागितली तर त्यासाठीचा विमा) बदलत असाल तर नव्या पॉलिसीत रेट्रोअ‍ॅक्टिव्ह तारीख जुनीच आहे ना एवढं बघा, म्हणजे ज्या तारखेपासूनच्या कामावरचे क्लेम धरले जातात ती. ती नवी टाकली तर आधीच्या कामावरचा उद्या येणारा क्लेम दोन्हीकडे बसत नाही.

परताव्याचं थोडक्यात. दोन पद्धती असतात, एक दिवसांच्या हिशोबाने सरळ, म्हणजे वर्षाची अर्धी मुदत उरली तर साधारण अर्धा प्रीमियम परत. दुसरी म्हणजे शॉर्ट रेट, त्यात कंपनी मधेच सोडल्याबद्दल काही भाग जास्त कापते. त्या वर्षी क्लेम घेतला असेल तर बऱ्याचदा काहीच परत मिळत नाही, आणि हप्त्याने भरत असाल तर उरलेले हप्तेही मागू शकतात. हा आकडा मेलवर आधी विचारा आणि नव्या कोटेशनमधली बचत त्याच्याशी ताडून बघा, कधीकधी रिन्यूअलपर्यंत थांबणंच स्वस्त पडतं.

कॅन्सलेशनचं लेखी पत्र आलं की आता बँकेतलं ऑटो डेबिट बंद करा आणि पुढच्या महिन्याचं स्टेटमेंट एकदा बघा. जुनी पॉलिसी फाडून टाकू नका मात्र, तिच्या काळात झालेल्या अपघाताची नोटीस वर्षभराने आली तरी ती जुन्याच कंपनीकडे द्यायची असते आणि तेव्हा पॉलिसी नंबर तुमच्याकडेच मागतात.