पार्टीचा पत्ता जरा उशिरा सापडू दे

प्रिय लेखिकाबाई,

तुझा ड्राफ्ट वाचला. संवाद झकास आहेत. आईचा फोन आल्यावर चौघांपैकी एकही जण उचलत नाही, तो सीन वाचताना मी मोठ्याने हसलो. पण पार्टी सतराव्या पानावरच सुरू होते आणि मग संपतच नाही. पोरं नाचतात, पितात, ओकतात, प्रेमात पडतात. कुणाचं काही अडत नाही, आणि कुणाचं काही अडलं नाही की हसू येत नाही.

ज्या अमेरिकन सिनेमांवर जीव टाकून तू हे लिहिलंस, ते पुन्हा बघ, पण या खेपेला घड्याळाकडे लक्ष ठेवून. 'सुपरबॅड'मधली शाळा संपत आलेली तीन पोरं, सेथ, इव्हान आणि फोगेल, ज्यूल्स नावाच्या मुलीच्या घरी पार्टीला पोचतात तोवर सिनेमा संपत आलेला असतो. आधीचा सगळा वेळ कशात जातो? दारू आणण्यात. एवढंसं काम. पण ते काम त्यांच्यासाठी इतकं अवघड का, हे समजून घे. १९८४ मध्ये अमेरिकेच्या केंद्र सरकारने राज्यांना बजावलं, दारू विकत घेण्याचं वय २१ करा, नाहीतर महामार्गांच्या निधीला कात्री लागेल. शाळा सुटते अठराव्या वर्षी. अठराव्या वर्षी मत देता येतं, सैन्यात भरती होता येतं, गाडी तर बहुतेक राज्यांत सोळाव्या वर्षापासूनच चालवता येते. बिअरची बाटली तेवढी मिळत नाही. हा सगळा विनोद त्या मधल्या फटीत राहतो. म्हणूनच फोगेल खोटं ओळखपत्र काढतो. नाव एकच शब्द, मॅकलव्हिन. राहणार हवाई, वय २५. नाव विनोदी आहेच, पण आपल्याला हसू फुटतं ते दोन्ही मित्रांचे चेहरे बघून, कारण अख्खी रात्र त्या एका कार्डावर टांगलेली असते.

जाता जाता सांगतो, सेथ रोगन आणि इव्हान गोल्डबर्ग यांनी ही पटकथा व्हँकुव्हरमध्ये तेराव्या वर्षी लिहायला घेतली, नायकांना स्वतःचीच नावं दिली, आणि सिनेमा आला २००७ मध्ये. फोगेल झालेला क्रिस्तोफर मिन्ट्झ-प्लास शूटिंगच्या वेळी सतरा वर्षांचा होता, त्यामुळे त्याच्या बेडरूममधल्या सीनला त्याची आई सेटवर हजर होती. तो सीन त्याने कसा केला असेल, देव जाणे.

आता खरी गंमत. रात्रभर जिवाचं रान करून सेथ दारू घेऊन पोचतो, आणि ज्या मुलीसाठी हा खटाटोप केला ती ज्यूल्स पीतच नाही! मूळ बेत काय होता, तर मुली प्यायलेल्या असतील, मग आपलं जमेल. हा बेत ओंगळच आहे, आणि सिनेमाचा पहिला भाग त्यावर जरा जास्तच खिदळतो, असं माझं मत. पण शेवटी तो बेत लेखकांनीच मोडीत काढलाय. इव्हानला आवडणारी बेक्का पिऊन तर्र असताना तो मागे सरतो. तुझ्या ड्राफ्टमध्ये शुद्ध हरपलेल्या मुलीवर दोन विनोद आहेत. दोन्ही काढ. यावर मी वाद घालणार नाही.

दुसरी गोष्ट सकाळची. इव्हान आणि फोगेल डार्टमथ कॉलेजला जाणार, सेथला तिथे प्रवेश नाही. सिनेमाभर सेथ आणि इव्हान हे सोडून बाकी सगळ्यावर भांडतात. दुसऱ्या दिवशी मॉलमध्ये मुली भेटतात, ज्याची इच्छा धरली ते समोर उभं असतं, आणि सरकत्या जिन्यावरून खाली जाताना सेथ मागे वळून बघतो ते मित्राकडे. ही युक्ती त्यांची नवी नव्हे. १९७३ च्या 'अमेरिकन ग्राफिटी'त १९६२ मधली मोडेस्टो गावातली एक रात्र आहे. तिथेही टेरी दारूसाठी दुकानाबाहेर अनोळखी माणसांच्या विनवण्या करतो. शेवटी एक जण तयार होतो आणि दुकानच लुटून बाहेर पळतो. आणि तिथेही सकाळी एक जण विमानात बसतो, एक गावातच राहतो. २०१९ च्या 'बुकस्मार्ट'मध्ये दारूचा प्रश्नच नाही. पुस्तकी किडे असलेल्या दोघी मैत्रिणींना पार्टीचा पत्ताच माहीत नसतो, तो मिळवायला त्या पिझ्झावाल्याला धरतात. एमी नंतर बोट्सवानाला जाणार आहे, आणि तिथे ती किती दिवस राहणार, हे तिने मॉलीला नीट सांगितलेलं नाही. खरं भांडण तिथे पेटतं.

म्हणून तुझ्या कोल्हापूरच्या पोरांकडे बघ. स्विमिंग पूल, लाल कप, रिकामा बंगला, हे तू तिकडून उचलून आणलंस आणि तिकडची अडचण मात्र तिकडेच ठेवलीस. आपल्याकडे कडक दारूसाठी कायद्याने वय लागतं २५! पण खरं सांगू, मला तुझ्या गोष्टीत दारू लागतच नाही. बारावीचा शेवटचा पेपर झालाय. चौघांत एक स्कूटर, म्हणजे ट्रिपल सीट बसूनही एक जण उरतोच. लायसन्स कुणाकडेच नाही आणि चौकात नाकाबंदी. रात्री दहानंतर स्पीकर बंद. गच्चीची किल्ली सोसायटीच्या सेक्रेटरीकडे, आणि तो कुणाचातरी काका. एवढं असताना पार्टी सतराव्या पानावर सुरू होतेच कशी?

आणि पुण्याला शिकायला जाणारी ती मुलगी. तिचं जाणं तू एका ओळीत उरकलंस, तेही काकूंच्या तोंडून. बाकी तिघांपैकी कुणाला ते आधीच ठाऊक आहे, आणि तो गप्प का बसलाय, ते मला लिहून पाठव. सीन नको, नुसती दोन पानं. पुढचा ड्राफ्ट त्यानंतर.

तुझे,
सर