अमेरिकेचे राष्ट्राध्यक्ष टाफ्ट यांच्या भावाकडे खरंच बेसबॉल संघ होता का?

होय. चार्ल्स फेल्प्स टाफ्ट (1843–1929), विल्यम हॉवर्ड टाफ्ट यांचे थोरले सावत्र भाऊ. सिनसिनाटीचे वकील, कोलंबियातून कायद्याची पदवी घेतली, पुढे हायडेलबर्गला शिकले. ओहायोच्या विधिमंडळात होते आणि 1895 ते 1897 रिपब्लिकन पक्षातर्फे अमेरिकन प्रतिनिधिगृहात. खरा पैसा मात्र वकिलीतला नव्हे. पत्नी ॲना या लोखंडसम्राट डेव्हिड सिंटन यांच्या कन्या.

बेसबॉलमध्ये ते आले सावकार म्हणून. 1905 मध्ये चार्ल्स मर्फी या माजी पत्रकाराला शिकागो कब्ज हा बेसबॉल संघ विकत घ्यायला त्यांनी पैसे पुरवले. सौदा कमालीचा फळला: 1906 मध्ये 116 विजय, 1907 आणि 1908 मध्ये वर्ल्ड सिरीजचं, म्हणजे अमेरिकी बेसबॉलचं, विजेतेपद.

घोळ इथून सुरू होतो. 1909 मध्ये फिलाडेल्फिया फिलीज घेतला होरेस फोगेलने, पण पाठबळ टाफ्ट-मर्फी गोटाचं. एकाच लीगमधल्या दोन संघांमागे एकच तिजोरी असेल तर सामन्यांवर विश्वास कसा बसणार? हा आक्षेप मला अगदी रास्त वाटतो. फोगेलने पंच न्यू यॉर्क जायंट्स या संघाला झुकतं माप देतात असा आरोप केला आणि 1912 मध्ये लीगने त्याला बाहेर काढलं. 1914 मध्ये मर्फीही कब्जमधून बाहेर पडला. त्याचा हिस्सा टाफ्टनीच घेतला.

जानेवारी 1916 मध्ये त्यांनी कब्ज चार्ल्स वीगमन यांच्या गटाला विकला. वीगमननी संघ स्वतःच्या मैदानावर नेला. तेच आजचं रिग्ली फील्ड.