आठवड्याला २० तास आणि किमान २,४०० रुपये : शिकवणीला किती तास द्यावेत?

गणित असे आहे: ठाण्यातील नौपाड्याच्या एका विद्यार्थ्याला शिकवण्या घेऊन आणि दुकानात काम करून आठवड्याला किमान २,४०० रुपये मिळवायचे आहेत. त्यासाठी त्याने शिकवणीला किमान १० तास दिले पाहिजेत. त्याला शिकवणीचे ताशी १५० आणि दुकानातील कामाचे ताशी ९० रुपये मिळतात, शिवाय आठवड्याला जास्तीत जास्त २० तासच काम करता येते. म्हणून शिकवणीचे तास ‘क्ष’ मानल्यास १५०क्ष + ९०(२० − क्ष) ≥ २,४००, म्हणजेच ६०क्ष ≥ ६००. हेच तोंडीही पडताळता येते: वीसही तास दुकानात घालवले तर १,८०० रुपये होतात, ६०० कमी पडतात आणि दुकानातला एकेक तास शिकवणीकडे वळवला की ६० रुपयांची भर पडते. ठाण्यात दहावीचे बीजगणित शिकवताना मी नेहमी पाहते की मुले आकडेमोडीत क्वचितच चुकतात. ती अडखळतात ‘किमान’ आणि ‘जास्तीत जास्त’ या शब्दांपाशी, म्हणून पहिल्यासमोर ≥ आणि दुसऱ्यासमोर ≤ हे चिन्ह लिहूनच पुढे जावे. मात्र १० हे उत्तर वीस तास पूर्ण भरले तरच लागू पडते. एकूण काम १८ तासच झाले, तर शिकवणीचे १३ तास लागतील.