सोळा इंची चाकं घालू का?

प्रश्न : आमच्या स्विफ्टचे १६५/८० आर१४ टायर गुळगुळीत झालेत. चिरंजीव १६ इंची अलॉयसाठी (मिश्रधातूच्या चाकांसाठी) हटून बसलेत. दुकानदार म्हणतो, ‘बिनधास्त घाला, बसतात.’ घालू का?
— एक वाचक, दांडिया बाजार, वडोदरा

उत्तर : काका, बसतात हो, पण तेवढ्यावर जाऊ नका. १६५ म्हणजे टायरची रुंदी मिलिमीटरमध्ये. तिच्या ८० टक्के, म्हणजे १३२, ही रबराच्या भिंतीची उंची. ती दुप्पट करून १४ इंची रिमचे (टायर ज्यावर बसतो त्या धातूच्या चाकाचे) ३५६ मिमी मिळवा. चाक साधारण ६२० मिमी उंच. रिम कुठलीही घ्या, हा आकडा हलता कामा नये. चार टक्के उंच टायर घातलात, तर काटा १०० दाखवेल आणि गाडी १०४ ने पळत असेल. शिवाय वळताना आत घासण्याची भीती.

१६ इंचीत १९५/५५ घेतलात तर उंची जुळते, पण भिंत उरते १०७. पावसाळ्यानंतरचे खड्डे तुम्हाला मी काय सांगायचे! रिमच वाकायची. माझं मत विचाराल तर १८५/६५ आर१५ घ्या. कंपनी स्वतःच वरच्या मॉडेलला हेच देते आणि चिरंजीवांची अलॉयची हौसही भागते.

टायरवरचा भाराचा आकडा ८५ च्या (म्हणजे दर टायरला ५१५ किलो) खाली नको. स्टेपनी जुनीच राहिली तरी चालेल, फक्त अलॉयचे नट तिला बसतात का, ते दुकानातच लावून बघा.